धानाच्या बांधीतला फुटबॉल आणि माझी इंग्रजी

आजी टीव्हीवर फुटबॉलची कॉमेंट्री करायची, असं तुमच्या आईने तुम्हाला सांगितलं तेव्हा तुम्ही दोघंही इतके हसलात की पुढचं बोलणं ऐकूच आलं नाही. हसा. तुम्ही तिकडे मोठमोठ्या स्टेडियममध्ये सामने बघता, तुम्हाला हसायचा हक्क आहे. पण आईने शेवट आधी सांगितला आणि सुरुवात सांगितलीच नाही, हे मला पटलेलं नाही. म्हणून पहिल्यापासून क्रमाने लिहिते.

आमच्या मूल गावचा केबलवाला माझा जुना विद्यार्थी. शाळेत त्याला इंग्रजीची भीती वाटायची. पुढे मोठा झाल्यावर त्या भीतीचा आदर झाला आणि आदर म्हणजे कायम दोन हात लांब राहणं. तो सहसा घरी येत नसे. त्या दिवशी आला, चप्पल फाटकाबाहेरच काढली आणि उभ्यानेच म्हणाला, "बाई, फुटबॉल लीग चालू करून राह्यलो. प्रोफेशनल. टीव्हीवर लाइव्ह."

"चांगलं आहे. मग माझ्याकडे काय काम?"

"कॉमेंट्री तुमी करा जी. इंग्रजीत."

"इंग्रजीत काऊन?" इतकी वर्षं इथे राहून मीही थोडी इथली झाले आहे. "बघणारे तर सगळे आपलेच."

"टीव्हीवर फुटबॉल इंग्रजीतच असते, बाई. मराठीत बोललं तर लोक म्हनतीन, हे काई खरं नाई."

"अरे, पण मला फुटबॉलमधलं काही म्हणजे काही कळत नाही."

"त्यायले इंग्रजी कयत नाई. बरोबरी झाली ना!"

तुमचे आजोबा पेपर वाचत होते. पेपर खाली न करता म्हणाले, "घे, घे. इतकी वर्षं हिचं इंग्रजी ऐकणारा मी एकटाच होतो. आता गावालाही थोडं वाटून मिळू दे."

मी हो म्हटलं. नियमांचं पुस्तक मागवलं, पहिल्या पानापासून वाचलं आणि ऑफसाइड सोडून सगळं पाठ केलं. ऑफसाइड तेव्हाही कळलं नाही, आजही कळलेलं नाही. पुढे लक्षात आलं की त्याची गरजच नव्हती.

लीग होती राईस मिलवाल्यांची. धान निघालं की मूलच्या मिली दिवसरात्र चालतात, आणि मिलमालकांची आपसात चढाओढही तशीच चालते. कुणाचा गणपती उंच, कुणाच्या मुलीच्या लग्नात जास्त भाज्या, कुणाच्या गाडीचा हॉर्न मोठा. त्या हिवाळ्यात हे फुटबॉलवर आलं, कारण एकाचा जावई बल्लारपूरकडच्या खाण भागातला, आणि तिकडे फुटबॉलचं वेड. प्रत्येक मिलची एक टीम. खेळाडू मिलमधलेच हमाल, ट्रॅक्टर चालवणारे आणि आसपासच्या गावांतले चपळ पायांचे पोट्टे. सामना खेळला की एचएमटी तांदळाची थैली घरी. एवढ्यावर सगळे प्रोफेशनल झाले. मुलांच्या आया तळ्यावर कपडे धुताना एकमेकींना सांगत, "आमचा प्रोफेशनल हाय वो. घरी तांदूय आनते."

मैदान म्हणजे गावाबाहेरच्या दोन बांध्या. बांधी म्हणजे धानाच्या शेताचा एक चौकोन, हे तुम्हाला आठवत असेल. तुम्ही त्यात चिखलात बसायचात. मधला धुरा, म्हणजे बांध, फोडून दोन्ही बांध्या एक केल्या, पण वरची बांधी वरच राहिली आणि खालची खाली. त्यामुळे पहिला हाफ वरून खाली खेळणारी टीम जिंकत असे आणि दुसऱ्या हाफमध्ये दुसरी. एका बाजूला बोडी होती, म्हणजे छोटं तळं. दुसऱ्या बाजूला पाहुण्यांचा मंडप. मंडपाकडे जायला दुसरी वाट नव्हती, म्हणून पाहुणे मैदानातूनच जात. पाहुणा आला की रेफरी शिट्टी वाजवे, खेळाडू बाजूला होऊन हात जोडत, पाहुणा बॉलला वळसा घालून मंडपात पोचे आणि मग खेळ पुढे सुरू. आमचे रेफरी हायस्कूलचे पीटी सर होते. नियमांच्या पुस्तकात हा नियम कुठे आहे असं मी त्यांना विचारलं, तर म्हणाले, "बाई, थे पुस्तक बाहेरच्या लोकायचं हाय. त्यायच्याकडे पाहुने येत नसतीन."

मला मैदानावर बसायचं होतं. पण माइकचं यंत्र केबलवाल्याच्या दुकानात, गावात, आणि ते तिथून हलवलं तर सगळ्या गावाच्या मालिका बंद पडतील असं तो म्हणाला. म्हणून मी दुकानात एका छोट्या टीव्हीपुढे बसायचं ठरलं. लोकांना जे दिसेल तेच मला दिसणार आणि त्यावर मी बोलणार. व्यवस्था मला अगदी नीट वाटली.

पहिल्या सामन्याला मी माझी निळी इरकली नेसून गेले. मी कुणालाही दिसणार नव्हते, तरी. शिट्टी वाजलेली ऐकू आली आणि पडद्यावर एका बाईंचा चेहरा आला. एका मिलमालकांच्या सौभाग्यवती. चेहरा गेला, हात आला, हातातल्या बांगड्या आल्या, मग पदर. मी वाट बघितली. पदरावरून कॅमेरा हळूहळू काठावर आला आणि तिथे थांबला. शांत बसणं बरं दिसत नव्हतं, म्हणून मी अस्खलित इंग्रजीत सांगितलं की साडी पैठणी असून काठावर मोर आहेत. तेवढ्यात मैदानातून एकदम आरडाओरड ऐकू आली. कॅमेरा दचकून वर गेला, आकाश दाखवलं, एक बगळा दाखवला आणि पुन्हा सौभाग्यवतींकडे आला. गोल झाला होता. हे मला पाच मिनिटांनी केबलवाल्याच्या फोनवरून कळलं.

त्या संध्याकाळी मी शूटिंगवाल्याला बोलावून घेतलं. साधा, कष्टाळू माणूस. आयुष्यभर त्याने लग्नंच शूट केलेली. मूल, चिमूर, चामोर्शी या भागातलं एकही लग्न त्याच्या कॅमेऱ्यातून सुटलं नसेल.

"भाऊ," मी म्हटलं, "बॉल दाखवत जा."

"बॉल तर एकच हाय, बाई. थोच थो. एकदा दाखवला ना सुरवातीले."

"पण खेळ बॉलचा आहे."

"पाहुना आला आनि त्याचा चेहरा आला नाई, तर मानूस मनात धरते जी. बॉल मनात धरते का?"

लग्नात त्याला असंच शिकवलेलं. आलेला प्रत्येक माणूस एकदा तरी दिसला पाहिजे, आत्याबाई तर दोनदा. शिवाय त्याच्या यंत्रात लग्नाची सगळी करामत आधीच भरून ठेवलेली होती. कुणी हसलं की पडद्याच्या कोपऱ्यातून बदामाची आकृती यायची. सत्कार झाला की वरून गुलाबाच्या पाकळ्या पडायच्या. एकदा पीटी सरांनी कुणाला तरी लाल कार्ड दाखवलं, तेव्हाही पाकळ्या पडल्या.

गंमत म्हणजे लोकांना हे सगळं फार आवडलं. बाजारात बायका मला थांबवून सांगू लागल्या, "बाई, कालची म्याच मस्त झाली. थ्या सरपंचीनबाईचा हार कुठचा होता?" मी कारकिर्दीत स्थिरावले. इंग्रजीत शाल, नारळ, फेटा आणि मिशा यांचं वर्णन करण्यात माझा हात धरणारं त्या वेळी दुसरं कुणी नसावं.

आता मुख्य माणूस येतो. तळ्यावरच्या वस्तीतला एक तरुण, घरचा धंदा मासेमारीचा. आमच्या गल्लीतल्या मिलकडून खेळायचा. गोलाला जाळी नव्हती, तर त्याच्या बापाचं मासे धरायचं जाळं लावलेलं. खाली शिशाच्या गोळ्या असल्यामुळे ते झकास ताठ राहायचं, पण गोलकीपर तक्रार करायचे की नाकाला रुमाल लावून उभं राहावं लागतं. हा तरुण लीगमध्ये सगळ्यात जास्त गोल करायचा. हे मला ऐकून माहीत होतं. पडद्यावर मी त्याला कधी बघितलंच नव्हतं.

एका सकाळी तो आईबरोबर आमच्या दारात आला. आईच्या हातात पळसाच्या पानात बांधलेले झिंगे. ती थेट मुद्द्यावर आली.

"बाई, याची सोयरीक तुटून राह्यली. तुमच्या टीव्हीपायी."

चामोर्शीकडची मुलगी होती. नर्सिंगचं शिकलेली. दोघांचं एकमेकांशी जमलं होतं. घरच्यांचाही फार विरोध नव्हता. अडला होता फक्त मुलीचा बाप, धानाचा शेतकरी, शब्दाचा पक्का आणि संशयाचाही पक्का. पोरगा काय करतो, असं त्याने विचारलं. फुटबॉल खेळतो, असं सांगितलं. हा काय धंदा आहे, असं तो म्हणाला. तेव्हा मध्यस्थाने तोऱ्यात सांगितलं की पोरगा प्रोफेशनल आहे, टीव्हीवर दिसतो. केबलवाल्याच्या मेहुण्याची चामोर्शीत केबल. तिकडेही आमचे सामने दिसत. बापाने शब्द दिला, "टीव्हीवर दिसला का पोरगी देतो." आणि त्या दिवसापासून तो प्रत्येक सामना शिट्टीपासून शिट्टीपर्यंत बघत होता.

"मंग?" आजोबांनी विचारलं.

"मंग काय जी! थ्यानं सारे मिलवाले पाह्यले, त्यायच्या बायका पाह्यल्या, मंडपातला कुत्राबी पाह्यला. माहा पोरगा पाह्यला नाई. म्हनते, मले फसवून राह्यले."

"एकदा दिसलो होतो," तरुण खाली मान घालून म्हणाला.

तेही खरं होतं. एकदा बॉल बोडीत गेला, आणि तळ्यावरचा मुलगा म्हणून सगळ्यांनी यालाच उडी मारायला लावली. तो बॉल घेऊन ओल्या चड्डीवर बाहेर आला आणि पाठ करून अंग पुसू लागला, तेव्हा कॅमेरा एका पाहुण्याकडून दुसऱ्याकडे जाताना त्याच्या पाठीवरून गेला. चामोर्शीत बाप म्हणाला होता, "हा तर आंघोय करून राह्यला. हे तर मीबी करतो."

आता फक्त अंतिम सामना उरला होता. त्यानंतर लीग संपणार, आणि चिमूरकडचं एक स्थळ मुलीला बघायला येणार होतं. सरकारी नोकरीतलं.

मी पुन्हा शूटिंगवाल्याकडे गेले. या वेळी आवाज चढवून. त्याने छातीवर हात ठेवून कबूल केलं की फायनलला तो फक्त त्या मुलाला दाखवेल. "पन बाई, त्याच वेळेस कोनी मोठा पाहुना आला तर माहा हात आपोआप तिकडे जाते. मी काय करू? हाताले सवय हाय." तो खोटं बोलत नव्हता. मला बायका भाजी निवडताना गप्पा मारतात आणि हात चालूच राहतात ते आठवलं.

मार्ग मुलीनेच काढला. तरुणाच्या फोनवर ती माझ्याशी बोलली. आवाज मोठा, बोलणं सरळ.

"बाई, बाबाले तिथीच पाहुने म्हनून बलवा. घरी राह्यले तर टीव्हीच पाहतीन. तिथी आले तर आपल्या डोयानं पाहतीन ना!"

"ते येतील?"

"शाल-नारय भेटत असन तर कोन नाई येत? त्यायले आजपर्यंत कोनी शाल देल्ली नाई, बाई. मनात हाय त्यायच्या."

केबलवाल्याने लगेच पत्रिका छापली आणि बाप मुख्य पाहुणा झाला.

अंतिम सामन्याच्या दुपारी मी दुकानात टीव्हीपुढे बसले. पडद्यावर पांढरा सदरा, पांढरं धोतर, कडक टोपी, मैदानाच्या मध्यातून येत होती. खेळाडूंनी हात जोडले. बॉल त्याच्या वाटेत होता. तो वाकून त्याच्याकडे बघून पुढे गेला. मंडपात मोठी खुर्ची, शाल, नारळ, पाकळ्या. शूटिंगवाल्याने कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावर आणला आणि मला कळून चुकलं की आता हा हात इथून हलणार नाही. चामोर्शीचा मुख्य पाहुणा म्हणजे पुढच्या मोसमातली चामोर्शीची सगळी लग्नं.

पहिला हाफ मी त्या चेहऱ्यावर काढला. कपाळावरची आडवी रेघ, कानावरचे केस, टोपीची घडी, एका बाजूने पिकलेली मिशी. आजोबांचा फोन आला, "आता नाकाचं काही सांग ना, ते राहिलं." दुकानाबाहेर जमलेली माणसं म्हणत होती, "हा कोन हाय? आमदार हाय का?" चामोर्शीत त्याचं सगळं घर, सगळी गल्ली टीव्हीपुढे होती, आणि सगळ्यांना तो एकटाच दिसत होता. चेहरा मात्र जागचा हलत नव्हता. शाल मिळालेल्या माणसाने जसं बसायला पाहिजे तसा तो बसला होता.

दुसऱ्या हाफमध्ये मला काहीतरी दिसू लागलं. त्याचे डोळे. आधी ते समोरच्या बाजूला होते, मग हळूहळू डावीकडे सरकले, मग पटकन उजवीकडे. बॉल वरच्या बांधीतून खाली येतोय! मी खुर्ची पुढे ओढली आणि इंग्रजीत सांगू लागले. चढाई सुरू आहे. बचाव पक्ष मागे हटतो आहे. डोळे थांबले. बॉल अडला. भुवया आक्रसल्या. कुणीतरी कुणाला पाडलं असावं. ओठ बाहेर आले, रेफरीचा निर्णय पटलेला नाही. पुन्हा डोळे उजवीकडे, आणि या वेळी ते एकाच माणसाच्या मागे धावत असल्यासारखे, सलग, न थांबता. मान पुढे आली. मांडीवरचा नारळ सरकला आणि पडला, त्याने बघितलं नाही. तो खुर्चीच्या काठावर आला. शाल खांद्यावरून गळली. तो उभा राहिला. टोपी हातात आली. तोंड उघडलं.

"गोल!" मी ओरडले. नियमांच्या पुस्तकात न बसणारा, शाळेत कुणी ओरडला असता तर मी वर्गाबाहेर काढलं असतं असा आवाज. दुकानाबाहेरची माणसंही ओरडली, पलीकडच्या पानठेल्यावरचीही. मी पूर्ण हिवाळ्यात बोललेल्या इंग्रजीतला हा एकच शब्द सगळ्यांना कळला. आणि पडद्यावर तो माणूस टोपी हवेत फिरवत नाचत होता, चहूकडून बदाम येत होते आणि त्याच्यावर गुलाबाच्या पाकळ्यांचा पाऊस पडत होता.

गोल त्या तरुणानेच केला होता. मुख्य पाहुण्याने स्वतः त्याच्या हातात कप दिला. त्या वेळी कॅमेरा कपावर होता.

आम्हाला वाटलं, झालं. पण दुसऱ्या दिवशी मुलीचा फोन आला आणि ती रडकुंडीला आली होती. बाप घरी गेला, सगळं नातं जमवलं, आणि पोरगा दाखवायला म्हणून शूटिंगवाल्याकडून आणलेलं रेकॉर्डिंग लावलं. शेवटपर्यंत बघितलं. त्यात तोच होता.

"मी म्हनलो होतो," तो म्हणाला, "टीव्हीवर दिसला तर. थो कुठी हाय?" शब्द म्हणजे शब्द. डोळ्यांनी बघितलं ते वेगळं, टीव्हीवर दिसलं ते वेगळं.

पुढचं मला मुलीने संध्याकाळी सांगितलं, आणि तेव्हा ती हसत होती. दुपारी बापाने रेकॉर्डिंग पुन्हा लावलं. स्वतःलाच बघायला, बाकी काही नाही. बायको शेजारी तांदूळ निवडत बसली होती. तो नाचायचा भाग आला तेव्हा तिने सूप खाली ठेवलं.

"तुमी काऊन नाचून राह्यले वो?"

"गोल झाला म्हनून."

"कोनी केला?"

"त्यानं. त्या पोट्ट्यानं."

"कसा केला?"

आणि बाप उठला. घरात, चुलीपासून दारापर्यंत, त्याने तो गोल करून दाखवला. कोण आडवा आला, त्याला कसं चुकवलं, खालची बांधी कशी ओली होती, पाय कसा वळवला. बायकोने सगळं ऐकून घेतलं.

"टीव्हीत दिसलं का हे सारं?"

बाप थोडा वेळ स्वतःच्या चेहऱ्याकडे बघत राहिला. पडद्यावर तो अजून ओरडतच होता.

"दिसून तर राह्यलं," तो म्हणाला. "माह्या तोंडावर दिसून राह्यलं."

चिमूरच्या स्थळाला नको म्हणून फोन गेला.

लग्न चामोर्शीत झालं. आम्ही दोघं गेलो. शूटिंगवाला अर्थातच तोच, आणि मंडपात शिरले तर त्याच्याजवळच्या टेबलावर छोटा टीव्ही आणि माइक मांडलेला. मुलीच्या बापाचा हट्ट. "बाई, तुमी नाई बोललात तर हे काई खरं वाटनार नाई."

मी माइक हातात घेतला आणि टीव्हीकडे बघितलं. त्यात तो तरुण होता. समोरून, मुंडावळ्या बांधलेला, पूर्ण पडद्याएवढा. आता तो नवरदेव होता, म्हणून कॅमेरा त्याच्यावरून हलायला तयार नव्हता. पूर्ण हिवाळाभर ज्याची मी कॉमेंट्री केली, त्याचा चेहरा मी पहिल्यांदाच पडद्यावर बघत होते. मी इंग्रजीत एवढंच सांगितलं की खेळाडूच्या डाव्या गालाला खळी पडते.

अंतरपाट निघाला. मुलीने माळ वर उचलली. पहिल्या रांगेतून, शाल पांघरलेल्या सासऱ्याने माझ्याकडे मान वळवली.

"म्हना ना, बाई!"

"गोल!" मी म्हटलं. सगळा मांडव ओरडला.